हिरवी शाई आणि शिसपेन्सिल

कुलगुरूंच्या दालनाबाहेर एक बाकडे होते. चार माणसे बसतील एवढे, पाठ टेकायला काही नसलेले. डॉ. दिनकर टेंबे कुलगुरू झाले त्याच आठवड्यात त्यांनी तिथले सोफे ग्रंथालयात पाठवले आणि पदार्थविज्ञान विभागाच्या प्रयोगशाळेतून हे बाकडे मागवून घेतले. कारण विचारल्यावर म्हणाले, "सोफ्यावर माणूस निवांत होतो. बाकड्यावर तो विचार करतो, आपलं काम खरंच एवढं महत्त्वाचं आहे का. निम्मे उठून जातात. थांबू द्यावं लोकांना. थांबल्यावर बरेच प्रश्न सुटतात."

हे ते गमतीने बोलत नव्हते. शिपाई इस्माईलभाईंकडे त्यांनी एक वही दिली होती. नाव, काम, आल्याची वेळ, गेल्याची वेळ. संध्याकाळी ते वही पाहत आणि न भेटता गेलेल्यांच्या नावापुढे बारीक खूण करत. त्या खुणांनी त्यांना समाधान मिळत असे. दुसऱ्या कशाने मिळाल्याचे मी फारसे पाहिले नाही.

मी पनवेलच्या एका दैनिकात उपसंपादक होतो. दैनिक बंद पडले आणि मी या विद्यापीठात जनसंपर्क अधिकारी म्हणून लागलो. टेंबे तेव्हा पदार्थविज्ञानाचे विभागप्रमुख होते. पहिल्या भेटीपासून ते मला "संपादक" म्हणत. मी संपादक कधीच नव्हतो, हे मी त्यांना त्याच दिवशी सांगितले. "माहीत आहे," ते म्हणाले आणि पुढेही तेच म्हणत राहिले.

गेल्या हिवाळ्यात ते वारले. एका वृत्तपत्राच्या स्थानिक पानासाठी दीडशे शब्द मीच लिहून दिले. त्यात त्यांचे सूत्र होते, त्यांची पदे होती, परदेशातली मुलगी होती. बाकडे नव्हते. सुनंदा घरत यांचे नावही नव्हते.

टेंबे सैद्धांतिक भौतिकशास्त्राचे. उपकरणांना त्यांनी उभ्या आयुष्यात हात लावला नाही. प्रयोगशाळेतून त्यांनी काही नेले असेल तर ते बाकडेच. तिशीच्या आत त्यांनी एक सूत्र मांडले होते. अतिशय थंड केलेला द्रव नेमक्या कोणत्या तापमानाला एकदम वेगळा वागू लागतो, ते त्यावरून काढता येते. पुस्तकांत त्याला टेंबे सूत्र म्हणतात. एका बातमीसाठी त्यांनी मला ते समजावले होते. खरे उत्तर म्हणजे न संपणारी बेरीज; तिच्यातल्या प्रत्येक राशीला ते टर्म म्हणत. पहिली टर्म मोठी, दुसरी तिच्याहून लहान, तिसरी आणखी लहान, असे चालूच राहते.

"सगळ्या घेत बसलात तर आयुष्य पुरणार नाही," ते म्हणाले. "कुठे थांबायचं हे ज्याला कळतं, तो भौतिकशास्त्रज्ञ. मी दोन घेतल्या. बाकीच्या सोडून दिल्या."

"सोडून द्या" हे शब्द पुढे त्यांच्या कारभारात रोज ऐकू येत. आपट्याहून विद्यापीठाची एक बस येत असे. ती चालू ठेवायची का, हा विषय बैठकीत आला. टेंबेंनी विचारले, "किती विद्यार्थी?" अकरा, असे उत्तर आले. "एकूण विद्यार्थी?" चार हजारांच्या आसपास. "सोडून द्या." एक सदस्य म्हणाले, सर, त्यातल्या दोन मुलींना घरचे दुसऱ्या वाहनाने पाठवणार नाहीत, त्यांचे शिक्षण थांबेल. टेंबेंनी चष्मा काढून पुसला. "मी बसबद्दल बोललो," ते म्हणाले. "मुलींबद्दल मी काहीच म्हटलेलं नाही." इतिवृत्तात एवढेच लिहिले गेले की विषय संमत झाला.

त्यांच्या खिशात दोन वस्तू असत. हिरव्या शाईचे पेन आणि टोक काढलेली शिसपेन्सिल. आदेश हिरव्या शाईत, भौतिकशास्त्र पेन्सिलीने. अदलाबदल होत नसे. एकदा मी दीक्षान्त भाषणाचा मसुदा त्यांच्यापुढे ठेवला. त्यांनी सवयीने पेन्सिल उचलली, पहिला परिच्छेद वाचला, पेन्सिल खाली ठेवली आणि पेन घेतले. "यात विचार नाही," म्हणाले. मसुदा मी लिहिलेला होता.

सुनंदा घरत जासईच्या. वडील नामदेव घरत मिठागरात राबलेले. आगर गेले, त्या जागेवर कंटेनरचे गोदाम उभे राहिले, आणि मुलगी विद्यापीठात पदार्थविज्ञान शिकायला आली. एम.एस्सी.ला पहिली आल्यावर टेंबेंनी तिला पीएच.डी.साठी स्वतःकडे घेतले. ते कोणालाही सहज घेत नसत. शिकवायला तिला तासिका तत्त्वावर नेमले होते. म्हणजे जेवढे तास घेतले तेवढीच नोकरी, उन्हाळ्यात काही नाही. पीएच.डी. झाली की विभागात कायम जागा निघणार होती. हे टेंबेंनीच तिला सांगितले होते, आणि तिने घरी.

विभागात दर शनिवारी दहा वाजता व्याख्यान होई. दहाला टेंबे स्वतः उठून दाराची कडी लावत. बाहेरच्या पाहुण्यांचे व्याख्यान होते त्या शनिवारी मी टिपणे घ्यायला आत बसलो होतो. दहा वाजून दहा मिनिटांनी कडी वाजली. टेंबेंनी दार उघडले. सुनंदा घामाघूम उभी होती. न्हावा शेव्याच्या बंदराकडे जाणारे ट्रेलर जासईला सकाळपासून अडकले होते, असे ती म्हणाली.

"ट्रेलर रोज असतात की आजच?" टेंबेंनी विचारले.

"रोज असतात, सर."

"म्हणजे ही ज्ञात राशी झाली. ज्ञात राशी गणितात धरायची असते, घरत. गव्हाण फाट्यापासून चालत निघालात तर किती वेळ लागेल?"

"अडीच तास तरी."

"मग साडेसातला फाट्यावर असायला हरकत नाही."

पाहुणे हसले, म्हणून इतरही हसले. दार पुन्हा बंद झाले. ती बाहेर. पुढच्या शनिवारपासून ती नऊ वाजता येऊन पायरीवर बसलेली दिसे. टेंबे तिच्या शेजारून आत जात, ते तिला "घरत, बसा" म्हणून. ती उभी राहिलेली असे.

ते कुलगुरू होण्याच्या सहा महिने आधी तिने त्यांच्या हातात चाळीस पानांची एक वही दिली. त्यांनी ज्या टर्म सोडून दिल्या होत्या, त्यांतली तिसरी टर्म तिने पूर्ण सोडवली होती. द्रव बदलतो त्या तापमानाच्या अगदी जवळ ती टर्म लहान राहत नाही, वाढत जाऊन पहिलीएवढी होते, असे तिला आढळले होते. टेंबे सूत्र इतरत्र बरोबर होते. जिथे ते वापरत, नेमके तिथेच नव्हते.

वही द्यायला गेली तेव्हा ती घाबरली होती, असे तिने मला नंतर सांगितले. सरांनी वही उलटसुलट पाहिली, ड्रॉवरमध्ये ठेवली आणि म्हणाले, "पाहतो. घाई करू नका." तिने केली नाही.

वर्ष गेले. टेंबे आता कुलगुरू होते. प्रबंध तयार होता आणि त्यावर मार्गदर्शकाची सही हवी होती. मी तिला एकदा सुचवले, एवढे महत्त्वाचे आहे तर एखाद्या नियतकालिकाकडे परस्पर पाठवून द्या. मार्गदर्शकाच्या संमतीशिवाय काही छापायला द्यायचे नाही, अशी विभागाची रीत होती. ती कुठे लिहिलेली नव्हती.

"सरांनी शिकवलंय मला," ती म्हणाली. "त्यांच्या पाठीमागे त्यांचीच चूक कशी छापू?"

तिची चूक कोणती, असे कोणी मला विचारले तर मी हे वाक्य दाखवीन.

शेवटी विभागातल्या एका वडीलधाऱ्या प्राध्यापिकेने तिला मार्गदर्शक बदलून घ्यायला सांगितले. त्या सही करायला तयार होत्या. मार्गदर्शक बदलण्याचा अर्ज मंजुरीसाठी कुलगुरूंकडे जातो. कुलगुरूंनी त्यावर हिरव्या शाईत लिहिले: "विद्यमान मार्गदर्शकांचा लेखी अभिप्राय घ्यावा." अर्ज विभागात गेला, तिथून "डॉ. टेंबे, मार्गदर्शक" या नावाने पुन्हा त्याच दालनात आला आणि टेबलाच्या दुसऱ्या ट्रेमध्ये पडला. तीन महिन्यांनी कुलसचिव कार्यालयाने विचारणा केली. कुलगुरूंनी हिरव्या शाईत लिहिले: "मार्गदर्शकांना स्मरणपत्र पाठवावे." स्मरणपत्र निघाले. त्यावर कुलगुरूंच्या वतीने सही होती. ते इस्माईलभाईंनी आवक नोंदवून टेंबेंच्या हातात दिले.

"साहेब, हे तुमचंच तुम्हाला आलंय," इस्माईलभाई म्हणाले.

"मला नाही, मार्गदर्शकांना," टेंबे म्हणाले. "ते सध्या कामात आहेत."

अशी चार स्मरणपत्रे गेली. मी एकदा धीर करून विषय काढला. ते म्हणाले, "संपादक, ती माझी विद्यार्थिनी आहे. कुलगुरू म्हणून मी तिचं काम पुढे सरकवलं तर उद्या तुमचेच जुने मित्र बातमी करतील. मी स्वतःच्या माणसाला झुकतं माप देत नाही." दुसऱ्या दिवशी त्यांनी मला कारभारातील निःपक्षपातीपणावर एक टिपण तयार करायला सांगितले. मी ते केले. छापूनही आले.

नामदेव घरत बाकड्यावर आले ते त्याच सुमारास. पांढरा सदरा, धोतर, हातात कापडी पिशवी. पहिला पूर्ण दिवस बसून राहिले. इस्माईलभाईंनी दोनदा पाणी दिले आणि दुपारी हळूच म्हणाले, "बाबा, साहेब आज बिझी आहेत. उगा कशाला बसता, घरी जा."

"घरी जाऊन काय करू? आगर हाय का आता?" म्हातारा म्हणाला. "बसतो. बसायची सवय हाय."

दुसऱ्या दिवशी चारच्या सुमारास टेंबेंनी त्यांना आत बोलावले. छायाचित्रांच्या निवडीसाठी मी आतच होतो. म्हाताऱ्याने पिशवीतून जाड्या मिठाची पुडी काढून टेबलावर ठेवली. कुठल्याशा नातेवाइकाच्या आगरातले. टेंबेंनी एक खडा उचलून खिडकीकडे धरला आणि त्याच्या कडा पाहून त्यांचा चेहरा उजळला. खडा चौकोनी का होतो, हे ते सांगू लागले. अणू एकाआड एक कसे बसतात, कागदावर काढून दाखवले. पेन्सिलीने. पाणी आटते आणि मीठ खाली बसते, असे ते म्हणाले तेव्हा म्हाताऱ्याने मान हलवली.

"नुसतं आटून नाय व्हत, साहेब. वारा जादा झाला का पानी लवकर उडतं न् मीठ बारीक येतं. वारा बेताचा पायजे. आमी सकाळी वाऱ्यावर तोंड धरून सांगायचो, आज मीठ कसं येनार."

"अगदी बरोबर," टेंबे म्हणाले. "सावकाश वाढलेला स्फटिक मोठा होतो. तुम्ही हे कुठे शिकलात?"

"कुठं शिकनार? पायाला भेगा पडल्या, तवा कळलं."

पंचवीस मिनिटे ते दोघे बोलत होते. टेंबे कुलगुरू झाल्यानंतर कोणाशी इतके मनापासून बोललेले मी पाहिले नव्हते. मग म्हातारा म्हणाला, "साहेब, माझ्या पोरीचा कागद तुमच्याकं हाय. तेवढा सोडा. जागेची जाहिरात येनार म्हनतात."

टेंबेंनी घड्याळ पाहिले. "प्रक्रिया चालू आहे," ते म्हणाले आणि घंटी वाजवली. दारापर्यंत सोडायला मात्र स्वतः गेले, हेही नोंदवले पाहिजे.

बाहेर आल्यावर नामदेव घरत मला म्हणाले, "साहेब बोलले चांगलं. लई ग्यान हाय त्यांना. पन पोरीचं काय नाय बोलले." संध्याकाळी टेंबेंनी वही मागवली आणि त्या नावापुढे खूण केली नाही. ते भेटून गेले होते. मिठाची पुडी कित्येक दिवस टेबलावर होती; पावसाळ्यात तिला पाणी सुटले तेव्हा इस्माईलभाईंनी टाकून दिली.

जाहिरात आली. पीएच.डी. आवश्यक. सुनंदाचा अर्ज छाननीतच बाद झाला. निवड समितीत टेंबे बसले नाहीत. उमेदवारांत आपली विद्यार्थिनी होती, असे कारण त्यांनी लेखी दिले. जागा दुसऱ्या कोणाला मिळाली. आणखी वर्षभराने तिच्या पीएच.डी. नोंदणीची मुदत संपली. मुदतवाढीसाठी मार्गदर्शकांची शिफारस लागते, ती आलेली नव्हती. "नियमानुसार नोंदणी रद्द," असे फाइलवर हिरव्या शाईत आहे. अक्षर नेहमीसारखे नीट आहे.

टेंबे निवृत्त झाले. सोफे परत आले. मीही काही काळाने निवृत्त झालो. नवीन पनवेलमध्ये आमच्या इमारती जवळ होत्या आणि सकाळी फिरताना ते भेटत. एक दिवस त्यांनी थांबवून सांगितले की परदेशातल्या दोघांनी त्यांच्या सूत्रातली तिसरी टर्म सोडवली आहे. ती लहान नाही. आता पुस्तकांच्या नव्या आवृत्तीत सूत्रापुढे इशारा छापतील. हे त्यांनी हवामानाबद्दल बोलावे तसे सांगितले. मग म्हणाले, "संपादक, तुमची गाडी चालू स्थितीत आहे का? जासईला जायचं आहे."

सुनंदा घरत जासईत अकरावी-बारावीचे क्लास चालवत होत्या. वडील वारले होते. नावाच्या पाटीवर एम.एस्सी. एवढेच होते. टेंबेंनी त्यांना फोन केला नव्हता. गाडीत त्यांच्या मांडीवर ती चाळीस पानांची वही आणि प्रबंधावरच्या सहीचे पान होते. सही केलेली होती. तिचा आता काही उपयोग नव्हता, आणि हे नियम त्यांच्याइतके कोणाला पाठ नव्हते.

गव्हाण फाट्याच्या पुढे ट्रेलरच्या रांगेत आम्ही पन्नास मिनिटे उभे होतो. मी दोनदा घड्याळ पाहिले. त्यांनी पाहिले नाही. दहा वाजून वीस मिनिटांनी आम्ही इमारतीखाली पोहोचलो. पहिल्या मजल्यावर बंद दार, बाहेर एक बाकडे, त्यावर दोन बायका, आणि टेबलामागे एक तरुण मुलगी.

"मॅडमचं दार दहाला बंद होतं, आजोबा," ती म्हणाली. "आता साडेअकराला ब्रेक. बसा. कुणाचे पालक तुमी?"

"मी पालक नाही."

"मग?"

टेंबेंनी हातातली वही सावरली. "शिक्षक आहे."

"टीचरचे इंटरव्ह्यू सोमवारी असतात," ती मुलगी म्हणाली.

बायकांनी सरकून जागा दिली. ते बसले. पाठ टेकायला काही नव्हते. थोड्या वेळाने त्यांनी दोन्ही हात मागे टेकवले. दारातून सुनंदाचा आवाज ऐकू येत होता. घर्षण शिकवत होत्या. टेंबे ऐकत होते. "चांगलं शिकवतात," ते मला म्हणाले.

साडेअकराला दार उघडले, मुले जिन्याने खाली गेली. सुनंदा बाहेर आल्या, सरांना पाहून थबकल्या आणि जवळ आल्या. नमस्कार केला नाही. टेंबेंनी वही पुढे केली. सुनंदांनी ती उभ्यानेच उघडली, पाने उलटली आणि एकतिसाव्या पानावर थांबल्या. तिथे तिसऱ्या टर्मचे उत्तर होते. समासात पेन्सिलीने एक शब्द लिहिलेला होता: "बरोबर." पेन्सिल पुसट झाली होती.

"हे कधी लिहिलंत, सर?"

"तुम्ही वही दिलीत त्याच्या चौथ्या दिवशी."

सुनंदांनी त्या शब्दावर बोट ठेवले.

"चौथ्या दिवशी," सुनंदा म्हणाल्या.

"मला वाटलं, थोडं थांबल्यावर—" टेंबे म्हणाले. वाक्य त्यांनी पूर्ण केले नाही.

"बाबा दोन दिवस बसले होते तुमच्या दालनाबाहेर."

"मिठाबद्दल बोललो आम्ही."

"हो. शेवटपर्यंत सांगायचे. साहेबांनी खडा उजेडात धरून बघितला म्हणून." त्यांनी वही मिटली आणि परत टेंबेंच्या मांडीवर ठेवली, सहीच्या पानावर. "माझी दुसरी बॅच आहे, सर."

"मी थांबतो."

"तुमची मर्जी."

मुले परत वर आली, आत गेली. सुनंदांनी स्वतः दार लावले. कडी आतून बसल्याचा आवाज आला.

खाली एक ट्रेलर माझ्या गाडीमागे भोंगा वाजवत होता. मी टेंबेंना निघू या म्हणालो. "तुम्ही व्हा पुढे, संपादक," ते म्हणाले. "मी रिक्षाने येईन." टेबलामागच्या मुलीने त्यांच्याकडे वही सरकवली. भेटायला आलेल्यांची वही. नाव, पाल्याचे नाव, काम, आल्याची वेळ.

"एवढं भरा, आजोबा. मॅडम संध्याकाळी बघतात."

त्यांनी खिशात हात घातला. पेन बाहेर आले, ते त्यांनी परत ठेवले आणि शिसपेन्सिल काढली. पहिल्या रकान्यात नाव लिहिले. दुसरा सोडून दिला. मी जिन्याच्या वळणावरून मागे पाहिले तेव्हा ते वाकून बसले होते, पेन्सिलीचे टोक तिसऱ्या रकान्यावर धरून, आणि शेजारची बाई आपली पाळी कधी येते म्हणून त्यांच्या हाताकडे पाहत होती.